समुद्राने किनाऱ्यावर आणून टाकलेले शेवाळ

शेवाळ म्हटले की विहिरीच्या पायऱ्यांवरील हिरवा, निसरडा थर आपल्या डोळ्यांसमोर उभा राहतो. पावसाळ्यात त्यावरून पाय घसरू नये, एवढाच आपला त्याच्याशी संबंध. परंतु समुद्रातील एका शेवाळाने २०११ पासून अटलांटिक महासागराच्या उष्ण कटिबंधातील बेटांचे जीवन विस्कळीत केले आहे. त्याचे नाव सारगॅसम. हे शेवाळ चांगले की वाईट, असा प्रश्न कोणीही विचारील. त्याचे उत्तर एका शब्दात देता येत नाही. ते का देता येत नाही, हे समजावून देण्यासाठीच स्मरणिकेच्या या पानांत आम्ही हा दूरदेशीचा विषय घेतला आहे.

सारगॅसम हे तपकिरी रंगाचे सागरी शैवाल होय. त्याच्या अनेक जाती खडकांना चिकटून वाढतात. आपल्या कोकणात रत्नागिरी, मालवण येथील खडकाळ किनाऱ्यांवरही त्या आढळतात. अटलांटिकमधील सारगॅसम नेटन्स आणि सारगॅसम फ्लुइटन्स या दोन जाती मात्र तळाशी कधीच जोडल्या जात नाहीत. त्यांच्या फांद्यांवर वायूने भरलेले लहान लहान फुगे असतात आणि त्यांच्या आधारे त्या आयुष्यभर पाण्यावर तरंगत राहतात. त्यांना बी लागत नाही. फांदी तुटली की तुटलेला तुकडाच स्वतंत्रपणे वाढू लागतो.

या शैवालाचे जुने माहेर म्हणजे उत्तर अटलांटिकमधील सारगासो समुद्र. या समुद्राला कोणत्याही बाजूने जमिनीचा किनारा नाही. चार सागरी प्रवाह हीच त्याची सीमा. १४९२ मध्ये कोलंबसाची गलबते या शैवालातूनच गेली होती. भर समुद्रात हे तरंगते रान अनेक जिवांना आश्रय देते. कासवांची पिल्ले त्यात लपतात, लहान मासे व खेकडे त्यात वाढतात. युरोप आणि अमेरिकेच्या नद्यांतील वाम मासे अंडी घालण्यासाठी हजारो किलोमीटरचा प्रवास करून याच समुद्रात येतात. येथवर पाहिले तर हे शैवाल उपकारकच म्हटले पाहिजे.

२०११ मध्ये चित्र पालटले. त्या वर्षी कॅरिबियन बेटांच्या किनाऱ्यांवर शैवालाचे प्रचंड ढीग येऊन पडले. उपग्रहांच्या चित्रांवरून असे दिसले की, पश्चिम आफ्रिकेपासून मेक्सिकोच्या आखातापर्यंत शैवालाचा एक नवाच पट्टा तयार होऊ लागला आहे. २०१३ चा अपवाद सोडल्यास तो दरवर्षी दिसत आला. वसंतात तो वाढतो, जून-जुलैच्या सुमारास भर गाठतो आणि पुढे ओसरतो. २०१८ मध्ये त्याची लांबी ८,८५० किलोमीटर आणि वजन दोन कोटी टनांहून अधिक होते. मे २०२५ मध्ये हे वजन सुमारे पावणेचार कोटी टनांवर गेले.

असे का घडले? २००९-१० च्या हिवाळ्यात उत्तर अटलांटिकवरील वाऱ्यांनी नेहमीची वाट सोडली आणि सारगासो समुद्रातील शैवाल दक्षिणेकडे वाहून आले, असे काही संशोधकांचे मत आहे. तेथे त्याला भरपूर ऊन मिळाले आणि नत्र व स्फुरद यांचे खाद्यही मिळाले. हे खाद्य खोल समुद्रातून वर येणाऱ्या पाण्याबरोबर येते, तसेच मोठ्या नद्यांतूनही येते. जंगलतोड आणि शेतातून वाहून जाणारी रासायनिक खते यांचा त्यात किती वाटा आहे, याविषयी शास्त्रज्ञांत अद्याप एकमत झालेले नाही.

किनाऱ्याला लागलेले शैवाल साधारण दोन दिवसांत कुजू लागते. त्यातून हायड्रोजन सल्फाइड वायू निघतो. त्याला सडक्या अंड्यांचा वास असतो. डोळे चुरचुरतात, डोके दुखते, दम्याच्या रुग्णांना त्रास होतो. किनाऱ्याजवळचे पाणी तपकिरी होते, तळाच्या सागरी गवताला ऊन मिळत नाही, प्राणवायू घटतो आणि मासे मरतात. जे शैवाल भर समुद्रात कासवाच्या पिल्लांचे घर होते, त्याच्याच ढिगाऱ्यातून वाट काढणे किनाऱ्यावर नुकत्याच जन्मलेल्या पिल्लांना अशक्य होते.

मच्छीमारांच्या होड्या अडकतात, पर्यटक पाठ फिरवतात. २०१८ मध्ये बार्बाडोसला यासाठी राष्ट्रीय आणीबाणी जाहीर करावी लागली. २०२२ मध्ये अमेरिकेच्या ताब्यातील व्हर्जिन बेटांवर समुद्राचे पाणी गोडे करणारा प्रकल्प या शैवालामुळे संकटात सापडला. म्हणजे प्रश्न थेट पिण्याच्या पाण्यापर्यंत आला.

मग ते उचलून शेतात खत म्हणून का घालू नये, असे आपल्या शेतकरी वाचकांना वाटेल. आपल्या देशातही काही किनारी भागांत शेवाळाचे खत घालण्याची रीत आहे. परंतु सारगॅसम मिठाबरोबर आर्सेनिकही शोषून घेते. तपासणीवाचून ते शेतात वा गुरांच्या चाऱ्यात घालणे धोक्याचे आहे. अवजड यंत्रांनी ते उचलावे, तर त्याबरोबर वाळू जाते आणि कासवांची घरटी चिरडतात. म्हणून पुष्कळ ठिकाणी माणसे दाताळ्यांनी ते गोळा करतात किंवा तरंगते अडथळे लावून ते समुद्रातच अडवतात. मेक्सिकोत त्याच्या विटा पाडल्या गेल्या आहेत. बार्बाडोसमध्ये रम गाळल्यानंतर उरणाऱ्या सांडपाण्यात ते मिसळून वाहनांसाठी वायू तयार करण्याचे प्रयोग झाले आहेत. मात्र येणाऱ्या ढिगांच्या मानाने हे उपाय अजून लहान आहेत.

आमच्या मते या विषयातील सर्वांत गंभीर गोष्ट वेगळीच आहे. ज्या लहान बेटांच्या दारात हे शैवाल येऊन पडते, त्यांनी ते वाढवलेले नाही. ज्या नद्या त्याला खाद्य पुरवतात, त्यांच्या काठी राहणाऱ्यांना त्याचा वास कधी येत नाही. किनारा झाडण्याचा खर्च मात्र बेटावरच्या माणसांनी सोसायचा. आपल्या गावातील ओढ्याचे पाणीही पुढे नदीला आणि नदीचे पाणी समुद्राला मिळते. आपण शेतात किती खत टाकतो, ओढ्यात काय सोडतो, याचा हिशेब आपल्या बांधापाशी संपत नाही. आमच्या विद्यार्थ्यांनी नकाशात कॅरिबियन बेटे शोधावीत आणि त्याच नकाशावर आपल्या गावच्या ओढ्याची वाट समुद्रापर्यंत बोटाने काढून पाहावी, एवढीच आमची अपेक्षा आहे.