जर-तरचा इतिहास आणि यंत्राची भाषा

उद्दिष्टे

या घटकाचा अभ्यास केल्यानंतर आपणांस पुढील गोष्टी सांगता येतील :
• पर्यायी इतिहास म्हणजे काय आणि त्याचा मराठीतील संकेतार्थाशी कोणता संबंध आहे.
• कृत्रिम बुद्धिमत्तेवर चालणाऱ्या, ब्राउझरमध्ये खेळल्या जाणाऱ्या इतिहासविषयक खेळांत मजकूर कसा निर्माण होतो.
• अशा मजकुराचे भाषिक परीक्षण कसे करावे.

१. प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, 'आत्याबाईला मिशा असत्या तर तिला काका म्हटले असते' ही म्हण आपण सर्वांनी ऐकलेली आहे. जे घडलेच नाही त्याची चर्चा व्यर्थ होय, असा तिचा रोख आहे. तरीही माणूस ही चर्चा थांबवत नाही. अलेक्झांडर रोमवर चालून आला असता तर काय झाले असते, याचा विचार रोमन इतिहासकार लिव्ही याने आपल्या ग्रंथाच्या नवव्या भागात केला आहे. मराठी माणसाच्या मनात हा प्रश्न पानिपताच्या रूपाने येतो. १४ जानेवारी १७६१ रोजी मराठ्यांचा जय झाला असता तर?

अलीकडे हा प्रश्न संगणकाला विचारता येतो. ब्राउझर उघडावा, नकाशावर एखादे राज्य निवडावे, आपला हुकूम साध्या वाक्यात लिहावा आणि काळ पुढे सरकवावा. यंत्र पुढची हकिगत लिहून देते. 'पॅक्स हिस्टोरिया' हा या प्रकारचा एक खेळ आहे. या हकिगतीची भाषा कोणत्या प्रकारची आहे आणि ती वाचताना भाषेच्या अभ्यासकाने कोणती सावधगिरी बाळगावी, हा प्रस्तुत घटकाचा विषय आहे.

२. संकेतार्थ : न घडलेल्याचे व्याकरण

क्रियापदाच्या रूपावरून बोलणाऱ्याचा जो हेतू कळतो, त्याला परंपरागत मराठी व्याकरणात 'अर्थ' म्हणतात. स्वार्थ, आज्ञार्थ, विध्यर्थ आणि संकेतार्थ हे त्याचे चार प्रकार आपण शिकला आहात. पुढील तीन वाक्ये पाहा :

(अ) पाऊस पडला आणि पीक आले.
(आ) पाऊस पडला तर पीक येईल.
(इ) पाऊस पडला असता तर पीक आले असते.

पहिले वाक्य घडलेली गोष्ट सांगते. दुसऱ्यात शक्यता खुली आहे. तिसऱ्या वाक्यात मात्र दोन गोष्टी एकाच वेळी सांगितल्या जातात : पाऊस आणि पीक यांचा कार्यकारणसंबंध, आणि पाऊस पडला नाही ही वस्तुस्थिती. 'असता' आणि 'असते' ही रूपे म्हणजे बोलणाऱ्याने दिलेली प्रामाणिक कबुलीच होय. 'हे घडलेले नाही, हे मला माहीत आहे', असे ती सांगतात. शिवाय 'तर' हा शब्द कारण मागतो. पाऊस आणि पीक यांचा संबंध दाखवता आला नाही, तर वाक्य व्याकरणशुद्ध असूनही पोकळ ठरते.

इतिहासाचे अभ्यासक जर-तरकडे साशंकतेने पाहतात ते याच कारणाने. ई. एच. कार यांनी १९६१ च्या आपल्या प्रसिद्ध ग्रंथात अशा कल्पनांना फारशी किंमत दिली नाही. उलट नायल फर्ग्युसन यांनी १९९७ मध्ये संपादित केलेल्या ग्रंथात, त्या काळातील लोकांसमोर खरोखर असलेल्या पर्यायांचा विचार करणे इतिहासाला उपकारक आहे, अशी भूमिका मांडली. दोघांच्या मतभेदाचा गाभा एकच आहे. 'तर' या शब्दाला पुराव्याचा आधार आहे की नाही?

३. मराठीतील एक उदाहरण

जयंत नारळीकर यांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या विज्ञानकथेत इतिहासाचे एक प्राध्यापक अपघातानंतर वेगळ्याच जगात जाऊन पोहोचतात. त्या जगात मराठ्यांनी पानिपत जिंकलेले आहे आणि ईस्ट इंडिया कंपनीही अजून टिकून आहे. दोन जगांतील फरक बखरीच्या एका पानापुरता आहे. एका जगात गोळी विश्वासरावांना लागते, दुसऱ्यात ती चाटून जाते. इतिहासाची वाट जेथे फुटते त्या जागेला आपण 'फाटा' म्हणू. या कथेतील फाटा अत्यंत नेमका आहे. त्याहून महत्त्वाचे म्हणजे गंगाधरपंत भांबावून बसत नाहीत. ते ग्रंथालयात जातात आणि इतिहासाचे ग्रंथ काढून आपल्या माहितीचा इतिहास कोठून बदलला याचा शोध घेतात. हा धडा पुढे उपयोगी पडेल.

४. नियमांचा खेळ आणि पंचाचा खेळ

युद्धाचा खेळ मांडण्याची परंपरा जुनी आहे. प्रशियात राइस्विट्झ या लष्करी अधिकाऱ्याने १८२४ मध्ये नकाशा, सोंगट्या, फासे आणि कोष्टके यांच्या साहाय्याने 'क्रीगश्पील' हा खेळ प्रचारात आणला. त्यात नियम फार होते. १८७६ मध्ये व्हेर्दी द्यू व्हेर्न्वा या अधिकाऱ्याने वेगळा मार्ग सुचविला : कोष्टके बाजूला ठेवावीत आणि अनुभवी पंचाने आपल्या निर्णयबुद्धीने निकाल द्यावा. तेव्हापासून 'नियमांचा खेळ' आणि 'पंचाचा खेळ' अशा दोन वाटा दिसतात.

संगणकाने प्रथम नियमांची वाट धरली. १९९१ मध्ये आलेला 'सिव्हिलायझेशन' किंवा ११ नोव्हेंबर १४४४ या तारखेपासून सुरू होणारा 'युरोपा युनिव्हर्सालिस ४' हे खेळ पाहा. त्यांत खजिना, सैन्य, प्रदेश हे सारे आकड्यांत साठवलेले असते. तिजोरीत पैसा नसेल तर खेळाडू कितीही रडला तरी नवी पलटण उभी राहत नाही.

२०१९ मध्ये 'एआय डन्जन' हा खेळ आला आणि पंचाची वाट पुन्हा उघडली. खेळाडूने काहीही लिहावे आणि यंत्राने पुढची गोष्ट रचावी, अशी त्याची पद्धत होती. इतिहासाचे नवे खेळ याच पद्धतीने चालतात. काही ठिकाणी नकाशा व आकडे यांचा हिशेब साधा संगणकीय कार्यक्रम ठेवतो; घटनांचा निवाडा आणि वर्णन मात्र यंत्रपंचाकडे असते. फरक असा, की प्रशियातील पंच रणांगण पाहिलेला होता. आजच्या पंचाने रणांगण पाहिलेले नाही. त्याने केवळ अफाट वाचन केले आहे.

५. यंत्रपंच कसा लिहितो?

या पंचाला सर्वत्र 'लँग्वेज मॉडेल' म्हणतात. आपण त्याला 'भाषा-प्रारूप' म्हणू. प्रचंड मजकुरावरून ते एक गोष्ट शिकते : आतापर्यंतच्या शब्दांनंतर कोणता शब्द येणे अधिक संभवनीय आहे. शब्दामागून शब्द ठेवत ते परिच्छेद पूर्ण करते. त्यातून चार परिणाम संभवतात.

पहिला, मजकुराचा सूर नेहमी खात्रीचा असतो. ऐकलेले, वाचलेले आणि जुळवलेले यांत तो भेद करत नाही. दुसरा, खेळाडूची मर्जी राखण्याकडे यंत्राचा कल असतो. 'सैन्याला पोटभर अन्न आहे', असे आपण लिहिले की अन्न मिळते. ते कोठून आले हे पंच विचारीलच असे नाही. तिसरा, यंत्राच्या ध्यानात एका वेळी मर्यादित मजकूर राहतो. खेळ लांबला की आधी मेलेला सरदार पुन्हा दरबारात हजर होऊ शकतो. चौथा परिणाम आपल्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा आहे. यंत्राच्या वाचनात इंग्रजी मजकुराचा वाटा फार मोठा आहे, तर आपल्या इतिहासाची पुष्कळ साधने मोडी कागदांत आहेत. वि. का. राजवाडे यांनी १८९८ मध्ये 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने'चा पहिला खंड प्रसिद्ध केला, तो पानिपतपर्वाच्या काळातील पत्रांचाच होता. जे कागद छापलेच गेले नाहीत, किंवा छापूनही संगणकावर आले नाहीत, ते यंत्राने वाचलेले असणे शक्य नाही.

६. एका नमुन्याचे परीक्षण

अशा खेळात मिळू शकेल असा एक मजकूर आपण स्वतःच तयार करून पाहू. खेळाडूने हुकूम दिला : 'भाऊसाहेब तोफखान्याच्या आडून लढतात.' यंत्राचे उत्तर असे आले, असे समजू :

जानेवारी १७६१. मराठ्यांच्या तोफांनी अब्दालीची फळी फोडली. फेब्रुवारीत अब्दाली सिंधूपार गेला. पुण्याच्या दरबाराने दिल्लीशी नवा तह केला.

या मजकुरातील क्रियापदे पाहा : फोडली, गेला, केला. सर्व रूपे स्वार्थी भूतकाळाची आहेत. खऱ्या इतिहासग्रंथातही हीच रूपे असतात. 'असता-असते' ही कबुली गळून पडली आहे आणि तिच्याबरोबर 'तर' हा कारण मागणारा शब्दही गेला आहे. कादंबरीकारही असेच लिहितो, हे खरे. परंतु कादंबरीच्या मुखपृष्ठावर 'कादंबरी' असा शब्द असतो. खेळातील परिच्छेद मात्र उचलून दुसरीकडे चिकटवला, की त्याची ओळख सांगणारे काहीही उरत नाही. परगावच्या नातेवाइकाच्या मोबाइलवर तो पोहोचतो, तेव्हा तो खेळ राहिलेला नसतो.

आता हाच मजकूर संकेतार्थात लिहून पाहू : 'इब्राहिमखान गारदी याच्या तोफखान्याने मिळवलेली आघाडी टिकली असती, तर अब्दालीची फळी फुटली असती.' वाक्य बदलताच प्रश्न उभे राहतात. ती आघाडी का टिकली नाही? मराठ्यांची छावणी नोव्हेंबर १७६० पासून पानिपतावर अडकून पडली होती. डिसेंबरमध्ये गोविंदपंत बुंदेले मारले गेले आणि रसदेची आशा मावळली. छावणीत लढवय्यांखेरीज फार मोठा बिनलढाऊ समुदाय होता. लढाईच्या दिवशी उतरलेले सैन्य उपाशी होते. म्हणजे खरा फाटा तोफांपाशी नसून कदाचित धान्याच्या गोणीपाशी असेल. 'रसद तुटली नसती तर' हे वाक्य 'तोफा चालल्या असत्या तर' या वाक्यापेक्षा इतिहासाच्या अधिक जवळ जाते.

हे रूपांतर म्हणजेच परीक्षणाची रीत होय. यंत्राने दिलेले प्रत्येक स्वार्थी वाक्य संकेतार्थात लिहावे, 'जर'च्या बाजूला कोणते कारण येते ते पाहावे, आणि त्या कारणाला साधनांत आधार आहे का हे ग्रंथालयात तपासावे. गंगाधरपंतांनी वेगळे काय केले?

यावरून हे खेळ त्याज्य आहेत, असा निष्कर्ष काढू नये. खेळाडूला आपला प्रश्न वाक्यात मांडावा लागतो, हा त्यांचा मोठा गुण आहे. पानिपताविषयी हळहळणारे पुष्कळ असतात. नेमके काय बदलायला हवे होते, हे एका वाक्यात लिहिणारे थोडे. खेळ तो नेमकेपणा मागतो. उत्तराची जबाबदारी मात्र आपण त्याच्यावर सोपवू नये.

७. सारांश

मराठीचा संकेतार्थ न घडलेल्या गोष्टीची कबुली देतो आणि तिचे कारणही मागतो. कृत्रिम बुद्धिमत्तेवर चालणारे खेळ तीच गोष्ट स्वार्थात सांगतात. म्हणून ती घडल्यासारखी वाटते. भाषा-प्रारूप संभाव्य शब्द निवडते, पुरावा तपासत नाही. तपासण्याचे काम वाचकाचे आहे, आणि त्याचे पहिले साधन त्याच्याच भाषेच्या व्याकरणात आहे.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न

१. 'पाऊस पडला तर' आणि 'पाऊस पडला असता तर' या रचनांतील अर्थभेद स्पष्ट करा.
२. 'नियमांचा खेळ' आणि 'पंचाचा खेळ' यांतील फरक उदाहरणांसह सांगा.
३. उपक्रम : थोरले माधवराव पेशवे १७७२ मध्ये निवर्तले. 'ते आणखी वीस वर्षे जगले असते तर' या प्रश्नाचे उत्तर प्रथम स्वार्थात, नंतर संकेतार्थात प्रत्येकी दहा ओळींत लिहा. दुसऱ्या लेखनात कोणती विधाने गाळावी लागली आणि का, याची नोंद करा.