क्रियापदांच्या वाटेवर – १४ : ‘रन’मधलं पाणी

‘रन आउट’, ‘रन इनटू’, ‘रन ओव्हर’ ही मंडळी आज यायची होती. त्यांना आठवडाभर थांबवतो आहे. आरमोरीहून एका आईचं पत्र आलं आहे आणि त्यातल्या प्रश्नाला बगल देऊन पुढे जाववत नाही. त्यांची मुलगी नववीत आहे. ‘द बस इज नॉट रनिंग टुडे’ या वाक्याचं मराठी तिने ‘आज बस धावत नाही’ असं लिहिलं आणि त्यावर फुली आली. आई विचारतात, ‘रन म्हणजे धावणे, हे तुम्ही लोक पहिलीपासून शिकवता. मग पोरीचं चुकलं कुठे? आणि सर, इंग्रजांची गाडी धावते अन् आपली चालते, हे असं का?’

आधी चूक पाहू. ‘आज बस धावत नाही’ हे ऐकलं की डोळ्यांपुढे बस येते. ती रस्त्यावर आहे, पण रखडत चालली आहे, असं वाटतं. इंग्रजी वाक्यात बस रस्त्यावर नाहीच. फेरी रद्द आहे. गडचिरोलीच्या बसस्थानकावर चौकशीच्या खिडकीशी उभं राहा. आतून उत्तर येईल, ‘गाडी बंद आहे.’ झालं भाषांतर! बस, शाळा, गिरणी, पंखा, योजना यांच्याबाबत इंग्रजीत ‘रनिंग’ असेल तिथे मराठीत ‘चालू’ आणि ‘नॉट रनिंग’ असेल तिथे ‘बंद’. दहापैकी नऊ वेळा एवढ्याने काम भागतं.

पण गाडी मराठीत कधी धावतच नाही, असंही नाही. १ जानेवारी २०२५ ला एटापल्ली तालुक्यातल्या गर्देवाडा-वांगेतुरी भागात पहिल्यांदा एसटी गेली. स्वातंत्र्यानंतर सत्त्याहत्तर वर्षांनी. अशा बातमीला ‘एसटी धावली’ हेच शोभतं. तिथे ‘चालली’ लिहिलं तर आनंद बातमीतून निघून जाईल. दुसऱ्या दिवशी मात्र त्याच गावातला माणूस पाहुण्याला सांगेल, ‘आता आमच्याकडे एसटी चालू झाली.’ पहिल्या दिवशी धावली, दुसऱ्या दिवसापासून चालू झाली. मराठी ‘धावणे’ असं आहे. त्याला श्वास लागतो, धाप लागते, कारण लागतं. संकटात माणूस मदतीला धावून येतो, भांडणात अंगावर धावून जातो, भक्त देवाचा धावा करतो. घाई, माया किंवा राग, यांतलं काहीतरी असल्याशिवाय मराठी माणूस हे क्रियापद हातात घेत नाही. आणि मर्यादा सांगायची झाली तरी सरड्याची धाव कुंपणापर्यंत. तिथेही पाय आले, दम आला.

इंग्रजी ‘रन’ला हे काही लागत नाही. हे मला ज्याने शिकवलं तो सहावीतला मुलगा होता.

भामरागडकडच्या एका निवासी शाळेत मी तेव्हा इंग्रजी शिकवत होतो. श्रावणातले दिवस. पर्लकोटा नदीला पूर आलेला, पुलावरून पाणी, पलीकडचं जग तुटलेलं. मी फळ्यावर दोन वाक्यं लिहिली होती : ‘द रिव्हर रन्स फास्ट’ आणि ‘माय नोज इज रनिंग’. अर्धा वर्ग सर्दीने बेजार होता, म्हणून दुसरं वाक्य सुचलं होतं. एका मुलाने वाचून दाखवलं, ‘माझं नाक पळते.’ वर्ग हसला. तो मुलगा हसला नाही. बराच वेळ फळ्याकडे बघत राहिला आणि म्हणाला, ‘सर, नदी पन रन, नाक पन रन. दोन्हीत पानी हाय. मंग रन म्हनजे पळनं नाही. रन म्हनजे वाहनं.’

त्या दिवशी मी पुढचा पाठ घेतला नाही. त्या मुलाच्या घरी माडिया बोलत, मराठी त्याची शाळेतली भाषा आणि इंग्रजी तिसरी. त्याने शब्दकोश उघडला नव्हता. पण तो जे बोलला ते व्युत्पत्तीच्या पुस्तकांत आहे. ‘रन’चं जुन्या इंग्रजीतलं रूप ‘रिन्नन’. त्याचा अर्थ धावणे आणि वाहणे, दोन्ही. जर्मन भाषेत हे दोन अर्थ आजही वेगळे नांदतात : ‘रिनेन’ म्हणजे वाहणे, ‘रेनेन’ म्हणजे धावणे. भाषाशास्त्रज्ञ हा शब्द ज्या मूळ धातूपर्यंत नेतात, त्याचा अर्थही वाहणे असाच लावतात. युरोपातल्या ऱ्हाइन नदीचं नाव त्याच कुळातलं मानतात. आणि आपल्याकडे? संस्कृतात ‘रिणाति’ म्हणजे वाहायला लावतो. ‘रीति’ या शब्दाचा जुना अर्थ प्रवाह, ओघ. पाणी ज्या वाटेने सारखं वाहतं, ती त्याची रीती. पुढे माणसं ज्या वाटेने सारखी वागतात, तीही रीती झाली आणि मराठीत तिची रीत झाली. म्हणजे आपली ‘रीत’ आणि इंग्रजांचं ‘रन’ दूरच्या नात्याने बहिणी आहेत. आता ‘चालीरीती’ हा आपला रोजचा शब्द पुन्हा उच्चारून पाहा. त्यात चालणंही आहे आणि वाहणंही. मला हा शब्द असा पहिल्यांदा दिसला, त्या रात्री झोप लागली नव्हती.

आपल्या ‘धाव’मध्येही एकेकाळी पाणी होतं. संस्कृत ‘धाव्’चे अर्थ धावणे, वाहणे आणि धुणे. धुण्याचा अर्थ ‘दंतधावन’ या शब्दात अजून टिकून आहे. तिथे दातांनी पळायचं नसतं, दात धुवायचे असतात. मराठीत येईपर्यंत ‘धावणे’तलं पाणी ओसरलं आणि पाय तेवढे उरले. इंग्रजीत पाणी राहिलं. म्हणून त्या मुलाचा नियम मी पुढे प्रत्येक वर्गाला दिला आणि आज तुम्हाला देतो : ‘रन’मध्ये पाय शोधू नका, पाणी शोधा.

नियम लावून पाहू. नवी लुगडी धुताना रंग सुटतो. इंग्रजीत ‘द कलर रन्स’. पाणी आहे. वैनगंगा दक्षिणेला वाहते, चपराळ्याजवळ वर्धेला भेटून प्राणहिता होते आणि सिरोंच्याजवळ गोदावरीला मिळते. हे सगळं ‘रन्स’. आता रस्ता घ्या. आलापल्लीहून सिरोंच्याकडे रस्ता जंगलातून जातो. इंग्रजीत तोही ‘रन्स थ्रू द फॉरेस्ट’. रस्ता जागचा हलत नाही, तरी आपण त्याला ‘जातो’ म्हणतो आणि इंग्रज ‘वाहतो’ म्हणतो. टेकडीवरून खाली पाहिलं की दोन्ही खरं वाटतं. ‘इट रन्स इन द फॅमिली’, म्हणजे हा गुण त्या घराण्यातच आहे, पिढ्यान्‌पिढ्या उतरत आलेला. इथेही ओघच आहे. आपण ‘रक्तातच आहे’ म्हणतो, तेव्हा आपल्यालाही द्रवच आठवतो.

मग गाडी, गिरणी, शाळा यांत पाणी कुठलं? इथे त्या मुलाच्या नियमाला मी थोडी जोड देतो. वाहत्या पाण्याचं लक्षण काय? अडवलं नाही तर ते थांबत नाही, आपल्या वाटेने जात राहतं. यंत्र सुरू केलं की तेही असंच जात राहतं. इंग्लंडात वाफेची यंत्रं आली, आगगाड्या आल्या, आणि या नव्या न थांबणाऱ्या वस्तूंना लावायला इंग्रजीने हेच क्रियापद उचललं. इंजिन रन, गिरणी रन, घड्याळ रन, पुढे कारखाना रन आणि आता संगणकावरचा प्रोग्रॅम रन. ऑक्सफर्डच्या मोठ्या इंग्रजी कोशाची दुसरी आवृत्ती १९८९ साली निघाली, तेव्हा सर्वांत लांब नोंद ‘सेट’ या क्रियापदाची होती. नव्या आवृत्तीसाठी ‘रन’ची नोंद पीटर गिलिव्हर या संपादकांनी केली. त्या एका शब्दापायी त्यांचे नऊ महिन्यांहून अधिक दिवस गेले आणि एकट्या क्रियापदाचे ६४५ अर्थ भरले. ‘सेट’ मागे पडलं. ‘रन’ एवढं फुगण्यामागे यंत्रयुगाचा मोठा हात आहे.

आता आईंचा दुसरा प्रश्न. आपली गाडी का चालते? आपल्या गाड्या हळू होत्या म्हणून नव्हे. आपल्या शेजारच्या भाषांनाच विचारू. गडचिरोली जिल्हा यासाठी भाग्यवान आहे, प्रवास न करता भाषा भेटतात. सिरोंच्यात तेलुगू बोलतात. तेलुगूत ‘नडु’ म्हणजे चालणे, आणि बसही ‘नडुस्तुंदि’, म्हणजे चालते. मुलचेरा-चामोर्शीकडच्या बंगाली वस्त्यांत विचारा. बंगालीत ‘गाडी चोलछे’. कुरखेडा-कोरचीकडे छत्तीसगढी कानावर पडते, तिथेही ‘चल’च. एक द्राविड भाषा आणि तीन आर्य भाषा, चौघींनी न ठरवता एकच निवड केली. आपल्या भाषांनी नियमित, अखंड कामासाठी चालण्याची प्रतिमा घेतली, कारण माणूस दिवसभर धावू शकत नाही, पण दिवसभर चालू शकतो. इंग्रजीने त्यासाठी पाण्याची प्रतिमा घेतली. दोन्हींचा अर्थ एकच : न थांबणं.

म्हणून आपल्या ‘चालणे’चा पसाराही ‘रन’एवढाच मोठा आहे. चालू महिना, चालू खातं, दुकान चालतं, नाणं चालतं, त्याचं घरात काही चालत नाही. वडशाच्या नाटक मंडळींना विचारा, दिवाळीनंतरच्या मोसमात झाडीपट्टीचं नाटक रात्रभर चालतं आणि उजाडता संपतं. तेच ‘नाटक चाललं’ असं पेटीवरचा माणूस म्हणाला, तर अर्थ निराळा : तिकिटं खपली, लोकांना आवडलं. शेवटी आपलं ते सर्वांत गोड ‘चालेल’! चहात साखर कमी आहे, चालेल? चालेल. इथे मात्र ‘रन’ उपयोगाचं नाही. इंग्रज ‘इट विल डू’ म्हणेल. दोन शब्दांच्या वाटा बरोबर जाता जाता कुठे फुटतात, तेही लक्षात ठेवायला हवं.

आणखी एक फाटा सांगतो. गाडी चालते आणि ड्रायव्हर गाडी चालवतो, अशी आपली दोन रूपं आहेत. जुन्या इंग्रजीतही स्वतः धावण्याचं आणि दुसऱ्याला धाववण्याचं अशी दोन क्रियापदं होती. पुढे ती एकात मिसळली. त्यामुळे ‘द स्कूल रन्स’ आणि ‘शी रन्स द स्कूल’ यांत एकच शब्द. वाक्यात ‘रन’च्या मागोमाग कर्म आलं, तर बहुतेक वेळा ‘चालवणे’ करा. हेमलकशाला १९७३ पासून लोकबिरादरी प्रकल्पाचा दवाखाना आणि पुढे शाळाही चालवली जाते, ते हे ‘रन’. कारभाराचा प्रश्न आला की याच शब्दाला आणखी वजन येतं. ‘हू रन्स धिस व्हिलेज?’ म्हणजे या गावात कोणाचं चालतं? या प्रश्नाचं उत्तर धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाने देशाला दिलं आहे : आमच्या गावात आम्हीच सरकार. २००९ साली या गावाला जंगलावरचा सामूहिक हक्क मिळाला, २०११ साली बांबूच्या वाहतुकीचे परवाने ग्रामसभेच्या हाती आले. तिथे इंग्रजीतून लिहिणाऱ्याला ‘द ग्रामसभा रन्स द व्हिलेज’ असं लिहिताना दोनदा विचार करावा लागत नाही.

पाय अजिबात नाहीत असं म्हटलं, तर एका माणसावर अन्याय होईल. तो म्हणजे टपालाचा रनर. इंग्रजी अमलात रेल्वे आणि पक्का रस्ता जिथे संपे, तिथून टपालाची थैली हा माणूस खांद्यावर घेई. हातात भाला, भाल्याला घुंगरं. आवाजाने जनावर बाजूला व्हावं, आणि पुढच्या टप्प्यावरच्या गड्याला चाहूल लागावी. मराठीत त्याला हरकारा म्हणत, पेशवाईत जासूद. पण सरकारी टपालात नाव रूढ झालं ते ‘रनर’च. बंगाली वस्तीतल्या जुन्या माणसांपुढे ‘रानार’ म्हणा, त्यांचा चेहरा उजळतो. सुकांत भट्टाचार्य यांनी या माणसावर कविता लिहिली, सलील चौधरींनी तिला चाल लावली आणि हेमंत मुखर्जींनी ती गायली. कवी १९४७ साली गेला तेव्हा अवघा वीस वर्षांचा होता. एक इंग्रजी क्रियापद, त्याला जोडलेला ‘अर’, आणि त्यातून एका भाषेला मिळालेलं अमर गाणं.

तर आईंना उत्तर : मुलीने शब्द बरोबर ओळखला, त्याचं पाणी ओळखलं नाही. तिला सांगा, ‘आज बस बंद आहे’ असं लिही. आणि फुली मिळाली म्हणून वाईट वाटून घेऊ नको. तिच्या त्या एका फुलीमुळे आज इतकं बोलता आलं.

पुढच्या बुधवारी ‘रन आउट’ नक्की घेतो. तोवर एक वाक्य घरी नेऊन ठेवा. आठवडी बाजार चुकलेल्या घरात कोणी म्हणतं, ‘वुई हॅव रन आउट ऑफ सॉल्ट.’ मीठ संपलं, एवढं सगळ्यांना कळेल. पण त्या रिकाम्या बरणीत पाणी कुठे आहे, ते शोधा. आहे नक्की.