रुळांच्या पलीकडचा शाहीर

घाटकोपर म्हटले की आजच्या मुलांच्या डोळ्यांपुढे मेट्रोचे स्थानक आणि तिथली मुंगीला वाट न देणारी गर्दी उभी राहते. मला मात्र आठवतात ते दोन घाटकोपर. रेल्वेच्या पूर्वेकडचे आमचे, अंगणात तुळस आणि दारात वर्तमानपत्रवाला येणारे. आणि पश्चिमेकडचे, आग्रा रोडच्या बाजूचे, झोपड्यांचे. मधे चार रूळ आणि एक पूल. पूल काही लांबलचक नव्हता, पण पुष्कळ माणसे जन्मात तो ओलांडीत नसत.

त्या पलीकडच्या बाजूला चिरागनगर नावाची वस्ती आहे. तिथल्या एका झोपडीत बावीस वर्षे एक शाहीर राहत होता. त्याची गाणी शिवाजी पार्कवर हजारोंच्या सभेत घुमत आणि आमच्या स्वयंपाकघरातही येत. शाहीर अण्णाभाऊ साठे. कादंबरीकार अण्णाभाऊंबद्दल पुष्कळ लिहिले गेले आहे. मला आज सांगायचे आहे ते डफ-तुणतुण्याच्या अण्णाभाऊंबद्दल.

निमित्त झाले माझ्या नातवाचे. तो गिटार शिकतो. गेल्या सुट्टीत त्याने मला अमेरिकेतल्या वुडी गथ्रीची गोष्ट सांगितली. दुष्काळाने उठलेल्या शेतकऱ्यांबरोबर तो गावोगाव हिंडला, त्यांचीच दुःखे गाण्यात बांधली, आणि महायुद्धाच्या काळात आपल्या गिटारवर त्याने लिहून ठेवले होते की, हे यंत्र फॅसिस्टांना मारते. पुढे ज्या बॉब डिलनला २०१६ साली नोबेल मिळाले, तो याच गथ्रीला गुरू मानीत असे. एवढे सांगून झाल्यावर चिरंजीव विचारतात, "आजी, आपल्याकडे असा कोणी नव्हता का गं?"

मी म्हटले, "होता रे बाबा! आणि तो तुझ्या पणजीच्या घरापासून पाऊण मैलावर राहत होता."

अण्णाभाऊंचा जन्म १ ऑगस्ट १९२० चा. गाव वाटेगाव, सांगली जिल्ह्यातल्या वाळवे तालुक्यातले. मातंग समाजातले घर. शाळा म्हणाल तर दीड दिवसाची. पुढे सारे कुटुंब पायी चालत मुंबईला आले. इथे पोराने कोळसे वेचले, फेरीवाल्याची गाठोडी वाहिली, गिरणीत काम केले. आणि दुकानांच्या पाट्या व सिनेमाच्या जाहिराती वाचत वाचत अक्षरे गिरवली. गाणे मात्र त्याला शिकावे लागले नाही. नातलगाच्या तमाशाच्या फडात ते कानावरच पडले होते.

आता तुणतुण्याविषयी दोन शब्द सांगितले पाहिजेत, कारण आजकाल ते पाहायला मिळत नाही. लाकडाचा एक पोकळ नळा, तळाला कातडे, आणि त्यातून वर दांड्याच्या खुंटीपर्यंत ताणलेली एकच तार. गिटारला सहा तारा, याला एक! तिच्यावर राग आळवता येत नाही. पण गाणाऱ्याला सूर सुटू देत नाही, ही तिची कामगिरी. पुढे शाहीर डफावर थाप मारून कथा सांगतो, मागचे झीलकरी 'जी जी' करीत त्याची ओळ उचलतात. शाहिराने दम घ्यावा तेवढ्यात ओळ जमिनीवर पडू द्यायची नाही, असा हा सगळा मामला. ध्वनिक्षेपक नसतानाही मैदानाच्या टोकाला बसलेल्या माणसाला शब्द न् शब्द ऐकू जावा, यासाठीच हा साज घडला आहे.

शाहीर पूर्वी शिवरायांच्या, तानाजीच्या शौर्याचे पोवाडे गात. अण्णाभाऊंनी १९४३ साली पोवाडा केला तो स्टालिनग्राडचा! व्होल्गा नदीच्या काठी हिटलरच्या फौजा अडवणाऱ्या कामगार-सैनिकांची कथा मुंबईच्या गिरणगावात डफावर ऐकू येऊ लागली. तिकडे गथ्रीची गिटार आणि इकडे आमचा डफ एकाच शत्रूविरुद्ध एकाच वेळी वाजत होते, आणि एकमेकांची ओळखही नव्हती.

पुढच्याच वर्षी, १९४४ साली, अण्णाभाऊ, अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर या तिघांनी लाल बावटा कलापथक उभे केले. अमर शेख बार्शीचे. त्यांचा आवाज असा की माझे वडील म्हणत, "शिवाजी पार्कवर ते गायला उभे राहिले की समुद्र गप्प बसल्यासारखा वाटे!" बोलून चालून वडील फोर्टातल्या कचेरीतले कारकून, कम्युनिस्टांच्या वाटेला कधी गेले नाहीत. पण अमर शेखांचे गाणे असले की सभेला जात.

या पथकाने तमाशाचे रूपच पालटले. जुन्या तमाशात आधी गणपतीचा गण, मग कृष्ण-गवळणींची गौळण, नंतर वग. अण्णाभाऊंनी गौळण काढून टाकली, आणि गणात देवाच्या जागी मायभूमीला व तिच्यासाठी झिजलेल्यांना वंदन घातले. वगातला राजा जाऊन तिथे सावकार, शेटजी आणि निवडणुकीला उभा राहिलेला उमेदवार आला. 'अकलेची गोष्ट', 'देशभक्त घोटाळे', 'शेटजींचे इलेक्शन' ही नुसती नावे वाचली तरी हसू फुटते. स्वातंत्र्यानंतरच्या सरकारने या खेळांवर बंदीचा बडगा उगारला, तर त्यांनी तमाशाला 'लोकनाट्य' म्हटले आणि खेळ चालू ठेवला.

त्यांच्या मुंबईच्या लावणीची गंमत तर न्यारीच. त्यांच्या आधी पठ्ठे बापूरावांनी मुंबईवर लावणी केली होती. तेही वाळवे तालुक्यातलेच, रेठरे हरणाक्षचे. बापूरावांना मुंबईची नवलाई दिसली, तिथली शोभा आणि थाट दिसला. अण्णाभाऊंनी त्याच शहराकडे पाहिले, आणि त्यांना एकीकडे मलबार हिलवरचे वैभव दिसले, तर दुसरीकडे परळात रात्रंदिवस घाम गाळणारा माणूस. तालुका एक, शहर एक, लावणीही एकच. फरक कोठे उभे राहून पाहिले एवढ्याचाच.

पण ज्या गाण्याने ते आमच्या घरात शिरले ते 'माझी मैना गावावर राहिली'. संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीतले हे गाणे. सुरुवातीला वाटते ही साधी विरहाची छक्कड आहे: पोटासाठी मुंबईला निघालेला नवरा, आणि गावी मागे राहिलेली, डोळ्यांत पाणी आणणारी त्याची बायको. गिरणीतल्या प्रत्येक कामगाराची ही कहाणी. ऐकणारा त्यात बुडून जातो, आणि मग शाहीर हळूच सांगतो की हीच गत खंडित महाराष्ट्राची झाली आहे. बेळगाव, कारवार, डांग, उंबरगाव अशीच ताटातूट होऊन पलीकडे राहिली आहेत. घरातले दुःख आणि राज्याचे दुःख एकाच सुरात बांधले गेले. दहा व्याख्यानांनी होणार नाही ते काम एका छक्कडीने केले.

माझ्या आईचे माहेर निपाणीचे. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेत निपाणी म्हैसूर राज्यात गेली. तांदूळ निवडता निवडता आई हे गाणे गुणगुणायची. गाण्यात बेळगावचे नाव आले की तिला निपाणीच ऐकू यायची. हात थांबायचा, आणि सुपातले तांदूळ उगीचच इकडून तिकडे सारले जायचे. १ मे १९६० ला महाराष्ट्र झाला, आमच्या आळीत पेढे वाटले गेले. आईने पेढा घेतला, कपाळाला लावला आणि म्हणाली, "मैना गावावर राहिली ती राहिलीच!"

गाणे असे रूळ ओलांडून आमच्या घरात आले. ज्याने ते रचले तो माणूस मात्र पलीकडेच राहिला. सभेला आलेल्या माणसाला गाणाऱ्याचा आवाज आठवे, रचणाऱ्याचे नाव आठवत नसे. लोकगीताचे भाग्य म्हणा की दुर्भाग्य, ते सर्वांचे झाले की कोणाचेच राहत नाही.

अण्णाभाऊंना मान मिळाला नाही असे नव्हे. 'फकिरा' कादंबरीला वि. स. खांडेकरांची प्रस्तावना लाभली, १९६१ साली राज्य सरकारचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी त्यांनी रशियाचा प्रवास केला. त्यांच्या 'वैजयंता'वर चित्रपट निघाला, १९६३ साली 'फकिरा'ही पडद्यावर आला. पण रशिया पाहून ते परत आले ते चिरागनगरातच. त्या परिसराने त्यांना 'चिरागनगरची भुतं' दिली. 'स्मशानातलं सोनं' ही कथाही मुंबईच्या उपनगरातलीच. खाण बंद पडल्याने बेकार झालेला भीमा चितेच्या राखेत सोने शोधू लागतो, त्या नादात हाताची बोटे गमावतो, आणि दुसऱ्याच दिवशी बातमी येते की खाण पुन्हा सुरू झाली! डोंगर फोडून निघालेल्या दगडाने जी घरे उभी राहिली त्यांत आपण राहतो. तो दगड फोडणाऱ्या माणसाची गोष्ट शेजारच्या झोपडीतल्या लेखकाने लिहून ठेवली.

शेवटी शेवटी सरकारने गोरेगावच्या सिद्धार्थनगरात त्यांना घर दिले. पण तोवर शरीर थकले होते. १८ जुलै १९६९ रोजी, अवघ्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, ते गेले. पुढच्याच महिन्यात, २९ ऑगस्टला, अमर शेख अपघातात गेले. लेखणी आणि तिचा आवाज दीड महिन्याच्या आत दोन्ही थांबले.

२००२ साली टपाल खात्याने अण्णाभाऊंचे तिकीट काढले. २०२२ साली मॉस्कोच्या परदेशी साहित्याच्या ग्रंथालयात त्यांचा पुतळा बसला. हे सगळे ऐकून नातू म्हणाला, "आजी, मॉस्कोला पुतळा आणि मला आत्ता कळतंय?" मी त्याला ती छक्कड म्हणून दाखवली. माझा सूर काही लागत नाही, पण त्याने गिटारची एकच तार धरून ठेवली आणि मला सूर सुटू दिला नाही.

वाचकहो, यंदा फराळाची ताटे शेजारी पाठवून झाली, की घरातल्या मुलांना जवळ बसवून हे गाणे ऐकवा. आणि कोणी रचले ते नाव आधी सांगा.