‘पुरेसे कारण’ : मोटार-अपघात भरपाईच्या विलंबित अपिलांसंबंधी एक अर्थविचार

मोटार-अपघाताच्या भरपाईचा निवाडा झाल्यावर अपील किती दिवसांत करावे, याचे उत्तर अंकांत देता येते. ते उशिरा केल्यास चालेल काय, याचे उत्तर मात्र शब्दांत शोधावे लागते. प्रस्तुत टिपणाचा विषय हे दुसरे उत्तर होय.

मोटार वाहन अधिनियम, १९८८ याच्या कलम १७३ अन्वये निवाड्याच्या तारखेपासून ९० दिवसांच्या आत उच्च न्यायालयात अपील करावयाचे असते. पुरेशा कारणामुळे वेळेत अपील करण्यास प्रतिबंध झाला, अशी न्यायालयाची खात्री पटल्यास मुदतीनंतरचे अपीलही दाखल होऊ शकते. या वाक्यरचनेत कर्तृत्व कारणाकडे आहे. अपीलकर्ता केवळ अडविला गेलेला. अनुक्त शब्दही तितकेच बोलके आहेत. लवाद व समेट अधिनियम, १९९६ याच्या कलम ३४ मध्ये तीन महिन्यांवर आणखी ३० दिवसांची सवलत देऊन ‘परंतु त्यानंतर नाही’ अशा आशयाचे शब्द घातले आहेत. कलम १७३ मध्ये ते नाहीत. म्हणून येथे सवलतीस दिवसांची कमाल मर्यादा नाही.

उरला ‘पुरेसे’ हा शब्द. हे विशेषण सापेक्ष आहे; ते दिवस मोजत नाही, कारण तोलते. सर्वोच्च न्यायालयाने कातिजी प्रकरणात (१९८७) या शब्दाचा अर्थ उदारपणे लावावा असे म्हटले, तर बालकृष्णन प्रकरणात (१९९८) विलंबाच्या लांबीपेक्षा खुलाशाची ग्राह्यता महत्त्वाची मानली. लिव्हिंग मीडिया प्रकरणात (२०१२) मात्र, कागद या टेबलावरून त्या टेबलावर फिरत राहिले, एवढा खुलासा सरकारी खात्यालाही पुरणार नाही, हे स्पष्ट झाले.

आता समजा, वसईतील पापडीच्या एका कुटुंबाचा कर्ता पुरुष अपघातात गेला आणि मिळालेली भरपाई त्या कुटुंबास अपुरी वाटते. घरात सामवेदी किंवा वाडवळी बोली. उच्च न्यायालयाचे कामकाज इंग्रजीत. आजारपण कोणत्या महिन्यात आले, वकिलाच्या खर्चाची जुळणी केव्हा झाली, निवाड्याचा अर्थ कोणी व कधी समजावून दिला, हे सारे ती विधवा आपल्या बोलीत नेमके सांगते. प्रतिज्ञापत्रात मात्र त्या कथनाचे ‘अपरिहार्य अडचणींमुळे’ एवढेच शिल्लक राहते. हा शब्दप्रयोग निष्कर्ष सांगतो, तथ्य सांगत नाही. अडचण अपरिहार्य होती की नाही, हे तर न्यायालयाने ठरवावयाचे असते. त्याच्यापुढे तारीख नाही, घटना नाही. मग तोलावयाचे काय?

सारांश, विलंबाचा अर्ज लिहिताना विशेषणे गाळावीत आणि क्रियापदे व तारखा राखाव्यात. शैलीचा म्हणून आपण शिकवितो तो हा नियम येथे एखाद्या कुटुंबाच्या उपजीविकेचा प्रश्न ठरतो.