थकवा, विसावा आणि भाषांतर

काही वर्षांपूर्वी मी एका मराठी कथेचे हिंदी भाषांतर केले. कथेतील मुलगा बऱ्याच काळाने गावी येतो, ओसरीवर बसलेल्या आईकडे पाहतो आणि मनाशी म्हणतो, ‘आई आता थकली.’ वाक्य अवघे तीन शब्दांचे. हिंदीत ‘थकना’ हे क्रियापद हाताशीच होते. तेव्हा ‘माँ अब थक गई है’ असे लिहून मी निर्धास्तपणे पुढे गेलो. पुस्तक छापून झाल्यावर एका हिंदीभाषक स्नेह्याने विचारले, ‘आई एवढी थकलेली असता हा मुलगा तिला घटकाभर निजू का देत नाही? शेतीवाडीच्या गोष्टी काय काढीत बसतो?’ तेव्हा कोठे माझी चूक माझ्या ध्यानात आली. मूळ कथेतील आई दिवसभराच्या कामाने दमलेली नव्हती. ती म्हातारी झाली होती. मुलाला तिच्या चेहऱ्यावर सरत आलेले आयुष्य दिसले होते. माझ्या वाचकाला मात्र मी केवळ झोपेची गरज दाखविली.

दोन भाषांत एकच शब्द असावा आणि त्याने दोन्हीकडे वेगळा संसार मांडावा, हा अनुभव भाषांतरकाराला नवा नाही. तथापि या विशिष्ट चुकीने मला थकव्याच्या शब्दांकडे अधिक बारकाईने पाहावयास लावले. मराठीत ‘दमणे’ हे प्रसंगापुरते असते. जिना चढून माणूस दमतो, थोडे बसला की सावरतो. ‘थकणे’ दोन्ही प्रकारचे असू शकते. पण वडीलधाऱ्या माणसाविषयी, आणि त्यातही ‘आता’ या शब्दासह ते आले, की तो थकवा एका रात्रीच्या झोपेने जाणारा नव्हे हे मराठी माणसाला सांगावे लागत नाही. हेच क्रियापद आपण पैशालाही लावतो. भाडे थकते, सारा थकतो, आणि जे वेळेवर चुकते व्हावयास हवे होते पण झाले नाही, ती ‘थकबाकी’. या अर्थांचे परस्पर नाते व्युत्पत्तिपंडितांनी ठरवावे. मला एवढेच दिसते की म्हाताऱ्या आईच्या थकण्यातही वर्षानुवर्षे न मिळालेल्या विश्रांतीची बाकी साचलेली असते.

शिणणे, भागणे, गळून जाणे, मेटाकुटीस येणे ही आणखी काही. ‘अंग आंबले’ हा प्रयोग तर ज्याने दिवसभर कापणी केली आहे किंवा ओझी वाहिली आहेत, त्याच्याच तोंडी शोभतो. मेजापाशी बसून कोश उलटणाऱ्या माझ्यासारख्याने तो स्वतःविषयी वापरू नये. इंग्रजीतील ‘टायर्ड’ हा शब्द देहाचा शीण आणि मनाचा कंटाळा या दोहोंवर एकच पांघरूण घालतो. मराठी भाषांतरकाराला ते प्रत्येक वेळी उचलून खाली कोण आहे हे पाहावे लागते.

हा विवेक आपल्या परंपरेत जुना आहे. भरताने नाट्यशास्त्रात जे ३३ व्यभिचारी भाव सांगितले, त्यांत ग्लानी, श्रम आणि आलस्य हे तीन स्वतंत्र भाव आहेत. श्रमाची कारणे वाटचाल आणि व्यायाम यांसारखी. ग्लानीची व्याधी, उपवास, मनस्ताप, निद्राभंग अशी अधिक खोल जाणारी. आलस्याच्या कारणांत स्वभावाबरोबरच खेद, व्याधी आणि गर्भावस्था यांनाही त्याने स्थान दिले आहे. सर्व कामांविषयी अनिच्छा असली तरी आळशी माणसाचे जेवण सुटत नाही, हेही त्याच्या नजरेतून निसटले नाही. नटाने कोणता थकवा दाखवावयाचा हे त्याला आधी ठाऊक असले पाहिजे, हा या वर्गीकरणामागचा व्यवहार. भाषांतरकाराचे काम याहून निराळे नाही.

परंतु त्याच ग्रंथाच्या पहिल्या अध्यायात याहून मोठी गोष्ट आहे. दुःखाने, श्रमाने आणि शोकाने पीडलेल्यांना नाट्य हे विश्रांती देणारे होईल, असे तेथे आश्वासन आहे. पुढे अभिनवगुप्ताने ‘विश्रांती’ हा शब्द रसानुभवाच्या वर्णनात आणला. रसास्वादात जाणीव इतरत्र न धावता स्वतःच्या ठायी स्थिरावते, असा त्याचा आशय. रसचर्चेत आपण ही दुसरी विश्रांती पुष्कळ घोळली. पहिलीतील ‘श्रमार्त’ मात्र मागे राहिला. तो प्रेक्षागृहात येऊन बसला तर त्याला विश्रांती मिळेल. पण ज्याला येऊन बसण्याचीच सवड नाही, त्याचे काय?

या प्रश्नाशी मला चेखॉव्हने आणून सोडले. १८८८ सालच्या त्याच्या एका कथेत वार्का ही १३ वर्षांची पोर एका चांभाराच्या घरी मूल सांभाळण्यास आहे. रात्रभर पाळणा हलवावयाचा, दिवस उजाडला की चूल पेटवावयाची, पायऱ्या धुवावयाच्या, संध्याकाळी पाहुण्यांसाठी दुकानात धावावयाचे आणि रात्री पुन्हा पाळणा. अखेरीस आपला शत्रू कोण हे तिला सापडल्यासारखे वाटते. ती मुलाचा गळा दाबते आणि तेथेच जमिनीवर गाढ झोपी जाते. कथेचे रशियन नाव ‘स्पात् खोचेत्स्या’, म्हणजे शब्दशः ‘निजावेसे वाटते’. कोणाला, हे नावात नाही. त्या वाक्याला कर्ताच नाही. इंग्रजीत रूढ झालेले ‘स्लीपी’ हे नाव वार्काला एक विशेषण चिकटविते. त्यावरून कोणी मराठीत ‘झोपाळू’ असे नाव दिले तर कथेचा घातच होईल, कारण झोपाळूपणा हा स्वभाव झाला. येथे मात्र मराठीला इंग्रजीकडून काही घेण्याचे कारण नाही. ‘तिला झोप येते’ असे आपण म्हणतो, तेव्हा झोप ही कर्ता असते. माणूस केवळ ती जेथे येऊन थडकते ते ठिकाण. वार्काची अवस्था मराठी व्याकरणात जणू अगोदरच मांडून ठेवलेली आहे.

प्रेमचंदांच्या ‘पूस की रात’ (१९३०) या कथेतील हल्कू हा वार्काचा दूरचा नातलग म्हणता येईल. घोंगडीसाठी साठविलेले तीन रुपये सावकाराला देऊन तो थंडीत शेत राखावयास जातो. नीलगाई शेतात शिरल्याचे त्याला कळते. तो उठतो, चार पावले टाकतो, आणि परत येऊन विझत्या शेकोटीपाशी बसतो. तेथेच त्याला झोप लागते. सकाळी उद्ध्वस्त पीक पाहून त्याला बरे वाटते, कारण आता थंडीत रात्री राखणीला यावे लागणार नाही. ही कथा शिकविताना ‘हल्कू आळशी आहे काय?’ असा प्रश्न घातला जाताना मी पाहिला आहे. भरताची यादी जवळ असती तर प्रश्नकर्त्याने तो अधिक जपून घातला असता.

दोन्ही कथांत विश्रांती मिळते, आणि दोन्हींत तिची किंमत विश्रांतीहून कितीतरी मोठी असते. श्रमार्ताला विश्रांती देण्याऐवजी येथे साहित्य वाचकाचीच विश्रांती काढून घेते. ही भरताच्या आश्वासनाची फसवणूक आहे असे मला वाटत नाही. ते आश्वासन कोणाकोणापर्यंत पोहोचले नाही याचा तो हिशेब आहे. जात्यावरच्या ओवीचे स्थान या दोहोंच्या मधले. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांच्या प्रकल्पात अशा १ लाखाहून अधिक ओव्या संग्रहित झाल्या. पाठ टेकावयास उसंत नसलेल्या बाईने ती दळता दळता म्हटली; हात थांबले नाहीत, पण मनाला बसावयास जागा मिळाली.

अशा जागेला मराठीत नेमका शब्द आहे: विसावा. ज्ञानेश्वर महाराजांची पालखी आळंदीहून पंढरपूरला २०० किलोमीटरांहून अधिक वाट चालते. तीत रात्री असतो तो मुक्काम, आणि वाटेत दिवसा थांबतात तो विसावा. मुक्कामात दिवस संपतो. विसाव्यात पुढची वाट गृहीत असते. हिंदीत ‘विश्राम’ आणि ‘पड़ाव’ आहेत, पण विसाव्यासाठी मला त्यांतील एकही पुरत नाही.

माझ्या त्या भाषांतराची दुसरी आवृत्ती अद्याप निघालेली नाही. माझ्या प्रतीच्या समासात पेन्सिलीने तीन पर्याय लिहिलेले आहेत. ‘माँ अब बूढ़ी हो गई है’ यात मुलगा केवळ वय मोजतो, म्हणून ते खोडले. ‘माँ का शरीर अब जवाब दे रहा है’ हे वैद्याच्या तोंडचे वाटले. ‘माँ अब ढल गई है’ हे तेवढे ठेवले आहे; त्यात संध्याकाळ आहे, पण बाकी राहिलेले देणे नाही.