अँटवर्पच्या रस्त्यावर बेळगावचा धावपटू

फडेप्पा दरेप्पा चौगुले हे ऑलिंपिक मॅरेथॉन पूर्ण करणारे पहिले भारतीय. ते बेळगावचे. नावातले दोन्ही 'अप्पा' आणि आडनावातले 'चौगुले' यांतूनच मराठी-कानडी सीमाभागाची ओळख पटते. त्यांची ऑलिंपिक कारकीर्द १९२० सालच्या ऑगस्ट महिन्यात सुरू झाली आणि त्याच महिन्यात संपली.

बेळगाव जिल्हा तेव्हा मुंबई इलाख्यात होता, त्यामुळे इथल्या खेळाडूची वाट साहजिकच पुण्याकडे वळे. १९०६ साली स्थापन झालेल्या डेक्कन जिमखान्याच्या शर्यती पाहताना उद्योगपती दोराबजी टाटांच्या लक्षात आले, की शेतात राबणारी मुले अनवाणी धावत आहेत आणि तरीही त्यांच्या वेळा युरोपीय धावपटूंच्या जवळ जात आहेत. मुंबईचे गव्हर्नर सर जॉर्ज लॉइड यांच्या पाठिंब्याने त्यांनी अँटवर्प ऑलिंपिकला भारतीय संघ पाठवण्याचे ठरवले आणि खर्चाचा मोठा भार स्वतः उचलला. पुण्यातील निवड चाचण्यांनंतर चार धावपटू आणि दोन मल्ल निवडले गेले. धावपटूंमध्ये चौगुले यांच्यासह पूर्मा बॅनर्जी, सदाशिव दातार आणि कायकाडी होते. कुमार नवले आणि रणधीर शिंदे हे मल्ल.

चौगुले दोन शर्यतींत उतरले. १०,००० मीटरच्या प्राथमिक फेरीतून त्यांना पुढे जाता आले नाही. त्यांची खरी शर्यत झाली ती रविवारी, २२ ऑगस्टला. मॅरेथॉनचे ४२.१९५ किलोमीटर हे अंतर पुढच्या वर्षी कायमचे ठरले. अँटवर्पचा मार्ग मात्र ४२.७५ किलोमीटरचा, म्हणजे ऑलिंपिकच्या इतिहासातला सर्वांत लांब. बेळगावहून निपाणीच्या दिशेने एवढे अंतर कापले तर निम्म्याहून अधिक वाट मागे पडते. फिनलंडच्या हानेस कोलेहमाइनेन यांनी २ तास ३२ मिनिटे ३५ सेकंदांत सुवर्णपदक जिंकले. एस्टोनियाचे युरी लोसमान जेमतेम १३ सेकंदांनी मागे राहिले. चौगुले २ तास ५० मिनिटे ४५ सेकंदांत, एकोणिसाव्या क्रमांकाने पोहोचले. दातार यांना शर्यत अर्ध्यावर सोडावी लागली.

एकोणिसावा क्रमांक वाचून पुढे जाणाऱ्याने एक हिशेब करावा. चौगुले यांची गती दर किलोमीटरला चार मिनिटांहून किंचित कमी पडते. आजच्या मापाच्या मॅरेथॉनला हीच गती लावली तर वेळ सुमारे २ तास ४८ मिनिटे होते. शंभर वर्षांत बूट बदलले, आहार बदलला, प्रशिक्षण बदलले. तरीही आज हौशी धावपटू पहाटेचा नेमाने सराव करून तीन तासांच्या आत येण्यासाठी धडपडतात. चौगुले यांची कामगिरी या मापाने मोजायला हवी. त्याच संघातील रणधीर शिंदे यांचे कुस्तीतील कांस्यपदक थोडक्यात हुकले, ते चौथे आले. पदक कोणालाच मिळाले नाही, म्हणून हा पहिला संघ स्मरणातून मागे सरला. हा अन्याय आहे.

१९२४ च्या पॅरिस ऑलिंपिक संघात चौगुले नव्हते. १९२७ साली दोराबजी टाटांच्या अध्यक्षतेखाली भारतीय ऑलिंपिक संघटना उभी राहिली. पुढे राज्य पुनर्रचनेत, १ नोव्हेंबर १९५६ रोजी, बेळगाव आणि निपाणी म्हैसूर राज्यात गेले. धावपटूची नोंद कोणत्या राज्याने ठेवायची, हा प्रश्न मात्र पडू नये. या भागातल्या घरांत त्या काळातले एखादे छायाचित्र, पत्र किंवा वर्तमानपत्राचे कात्रण असेल, तर ते रद्दीत जाऊ देऊ नये.