विषय आणि प्रश्न यांत फरक काय? क्योतोची एक दिवसाची सहल आणि वाटीभर दाशी

पीएचडीच्या मुलाखतीत एक प्रश्न हमखास येतो: "तुमचा रिसर्च क्वेश्चन काय?" आणि बहुतेक वेळा उत्तरादाखल विषयाचं नाव सांगितलं जातं. "जपानमधली मंदिरं आणि खाद्यसंस्कृती" हा विषय झाला. त्यावर दोनशे पानं सहज भरतील, पण त्यात नक्की शोधायचं काय, हे कुठेच दिसणार नाही.

हा फरक समजावून घ्यायला आज मी मुद्दाम प्रयोगशाळेच्या बाहेरचं उदाहरण घेतेय. क्योतोमध्ये गाइडसोबतच्या एक दिवसाच्या सहली मिळतात. सकाळी एखादं झेन मंदिर, दुपारी मंदिरातलं शाकाहारी जेवण आणि संध्याकाळी खाण्याचा बाजार. या सहलीत दिवसभर विधानं कानावर पडतात आणि आपण ती ऐकून पुढे जातो. संशोधन करणाऱ्याने मात्र प्रत्येक विधानाला विचारायचं असतं, "हे मला कसं कळलं? आणि हे तपासता येईल का?" गंमत म्हणजे याच जेवणातल्या एका चवीतून रसायनशास्त्रातला एक नेमका प्रश्न निघाला. तो पूर्ण सुटायला नव्वदहून जास्त वर्षं गेली.

पहिलं विधान: "हे मंदिर १३३९ सालचं आहे"

अशा सहलीतला नेहमीचा थांबा म्हणजे शहराच्या पश्चिमेला, आराशियामा भागातलं तेनऱ्यूजी. आशिकागा ताकाउजीने ते १३३९ मध्ये स्थापन केलं आणि मुसो सोसेकी हे पहिले मठाधिपती. १९९४ पासून ते युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे. इथवर सगळं बरोबर.

पण हे मंदिर अनेकदा आगीत सापडलं. १८६४ च्या लढाईत ते जवळजवळ संपूर्ण जळालं. आज आत शिरताना समोर दिसणारी पांढऱ्या भिंतींची भव्य इमारत म्हणजे 'कुरी', अर्थात मठाचं स्वयंपाकघर आणि कार्यालय. ती १८९९ मधली आहे. मागच्या तळ्याभोवतीची बाग मात्र मुसो सोसेकींच्या नावावर सांगितली जाते आणि तिची मूळ रचना चौदाव्या शतकातली मानतात.

म्हणजे "मंदिर १३३९ चं" हे वाक्य खोटं नाही, पण त्यात तीन वेगळी विधानं एकत्र बांधलेली आहेत: संस्थेचं वय, इमारतीचं वय आणि बागेचं वय. संशोधनाची पहिली सवय हीच. मोठं विधान आधी फोडायचं आणि मग प्रत्येक तुकड्यासाठी वेगळा पुरावा मागायचा.

दुसरं विधान: "हे जेवण पूर्ण शाकाहारी आहे"

तेनऱ्यूजीच्या आवारातच शोजिन ऱ्योरी मिळते. शोजिन म्हणजे साधना आणि ऱ्योरी म्हणजे स्वयंपाक. लाल लाखेच्या वाट्यांमध्ये भात, सूप, शिजवलेल्या भाज्या, लोणची आणि तिळाचा तोफू असं ताट येतं. हा तोफू सोयाबीनचा नसतो. तीळ वाटून तो कुझू नावाच्या वेलीच्या कंदातल्या स्टार्चमध्ये घोटतात. या स्वयंपाकात मांस-मासे तर नसतातच, कांदा-लसणासारखे उग्र वासाचे पदार्थही वर्ज्य असतात. चातुर्मास पाळणाऱ्या घरातल्यांना हे फार परकं वाटणार नाही.

आता मंदिराबाहेर या. नानझेनजी मंदिराच्या परिसरात युदोफूची जुनी दुकानं आहेत. युदोफू म्हणजे कोंबू नावाच्या समुद्री शेवाळाच्या पाण्यात गरम केलेला तोफू. दिसायला तो शंभर टक्के शाकाहारी असतो. पण सोबतच्या सॉसमध्ये बऱ्याचदा कात्सुओबुशी असतं, म्हणजे वाळवून-धुरवून किसलेला मासा. बहुतेक जपानी लोकांना त्यात काही विसंगत वाटत नाही, कारण ताटात मासा दिसत नाही.

शाकाहारी पर्यटकासाठी हा व्यवहाराचा प्रश्न आहे. "यात मांस आहे का?" असं विचारलं तर "नाही" असं खरं उत्तर येईल आणि तरीही जेवणात मासा असेल. विचारायचं ते "दाशी कशाची आहे?" दाशी म्हणजे जपानी स्वयंपाकातलं मूळ चवीचं पाणी.

आपल्यासाठी यात धडा आहे तो व्याख्येचा. 'शाकाहारी' हा शब्द तुमच्या प्रपोजलमध्ये येणार असेल, तर तो कशावरून ठरवणार हे आधी लिहा: ताटात दिसतं त्यावरून, घटकांच्या यादीवरून की खाणाऱ्याच्या समजुतीवरून? याला ऑपरेशनल डेफिनिशन म्हणतात. ती नसेल तर गोळा केलेल्या डेटाचा अर्थ लागत नाही.

तिसरं विधान: "बौद्ध धर्मामुळे जपानने १२०० वर्षं मांस खाल्लं नाही"

हे वाक्य ऐकायला छान आहे, कारण त्यात कारण, परिणाम आणि आकडा असं सगळं आहे. आकडा आला कुठून? सम्राट तेन्मूने ६७५ मध्ये मांसबंदीचा हुकूम काढला आणि १८७२ मध्ये मेइजी सम्राटाने गोमांस खाल्ल्याचं जाहीर झालं. त्याच वर्षी सरकारने भिक्षूंनाही मांसाहाराची आणि लग्नाची मोकळीक दिली. वजाबाकी केली की साधारण १२०० येतात.

पण मूळ हुकूम बघा. बंदी होती ती गाय-बैल, घोडा, कुत्रा, माकड आणि कोंबडी यांच्यावर, तीही वसंतापासून शरदापर्यंतच्या ठरावीक महिन्यांत. हरीण आणि रानडुक्कर त्या यादीत नाहीत. मासे तर नाहीतच. बंदीचे महिने शेतीच्या हंगामाशी जुळतात, म्हणून काही अभ्यासक तिचा संबंध शेतीशीही लावतात. बौद्ध विचाराचा प्रभाव होताच, पण "त्यामुळेच" हा शब्द पुराव्यापेक्षा मोठा आहे. लिटरेचर रिव्ह्यूमध्ये अशी वाक्यं एका पेपरमधून दुसऱ्यात जशीच्या तशी उतरत जातात, म्हणून मूळ दस्तऐवजापर्यंत जावंच लागतं.

अशीच गोष्ट दोगेन या झेन गुरूची. मठातल्या आचाऱ्याने कसं वागावं यावर त्याने १२३७ मध्ये 'तेन्झो क्योकुन' लिहिलं. तांदूळ निवडणं, भांडी जागेवर ठेवणं हीसुद्धा साधनाच, असा त्याचा आग्रह. शोजिनवरच्या बहुतेक लेखांत हा ग्रंथ येतो. पण दोगेन सोतो पंथाचा आणि तेनऱ्यूजी रिन्झाई पंथाचं. त्याचा ग्रंथ वाचून तेनऱ्यूजीच्या स्वयंपाकघरात काय चालत होतं ते सिद्ध होत नाही.

एक चव, एक प्रश्न

आता मुख्य मुद्द्याकडे येऊ. शोजिनमध्ये मासळी चालत नाही, म्हणून तिथली दाशी कोंबूची, कधी त्यात वाळवलेले शिइताके मशरूम. कोंबू थंड पाण्यात भिजवतात, हळू तापवतात आणि उकळी येण्याआधी बाहेर काढतात. पाणी जवळजवळ नितळ दिसतं, पण तोंडात भरीव, रेंगाळणारी चव राहते.

ही चव शेकडो वर्षं लाखो लोकांनी घेतली होती. १९०७-०८ मध्ये किकुनाए इकेदा यांनी तिचा प्रश्न केला. ते क्योतोमध्येच १८६४ साली जन्मलेले, जर्मनीत ऑस्टवाल्ड यांच्याकडे शिकून आलेले आणि तोक्योच्या इम्पीरियल विद्यापीठात रसायनशास्त्राचे प्राध्यापक. गोड, आंबट, खारट, कडू यांपैकी कशातच ही चव बसत नाही असं त्यांचं निरीक्षण होतं. त्यावरचा प्रश्न असा: कोंबूच्या अर्कातला कोणता पदार्थ ही चव देतो?

बघा, प्रश्न किती अरुंद आहे. 'जपानी चवीचा अभ्यास' नाही. एक कच्चा माल, एक गुणधर्म आणि एका पदार्थाचा शोध.

पद्धतही सरळ होती. अर्क वेगवेगळ्या भागांत विभागायचा आणि चव कुठल्या भागात राहते ते पाहत जायचं. कोंबूवर दिसणारी पांढरी भुकटी मॅनिटॉलची असते, ती गोडसर. म्हणजे ती नव्हे. क्षार बाजूला केले, तरी चव उरलीच. शेवटी हाती आलं ग्लुटामिक आम्ल. इथे डिटेक्टर होती स्वतःची जीभ. आज नैसर्गिक पदार्थांवर काम करणारे ज्याला बायोॲसे-गाइडेड फ्रॅक्शनेशन म्हणतात, त्याचं तर्कशास्त्र हेच.

यात एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. ग्लुटामिक आम्ल नवं नव्हतंच! रिट्हाउझेन या जर्मन शास्त्रज्ञाने ते १८६६ मध्येच गव्हाच्या ग्लुटेनमधून वेगळं केलं होतं. पदार्थ बेचाळीस वर्षं बाटलीत होता, पण त्याला हा प्रश्न कुणी विचारला नव्हता. शिवाय आम्ल म्हणून ते आंबट लागतं. ही खास चव येते ती त्याच्या क्षारांना. इकेदांनी चवीला नाव दिलं 'उमामी' आणि सोडियमच्या क्षाराचं पेटंट घेतलं. १९०९ पासून तो 'अजिनोमोटो' नावाने विकला जाऊ लागला. आपल्याकडच्या चायनीजच्या गाडीवर दिसणारा तोच.

युदोफू खाताना इकेदांना अचानक हे सुचलं, अशी गोष्ट सगळीकडे सांगितली जाते. त्यांनी स्वतः नंतर लिहिलेल्या आठवणीत मात्र वेगळे तपशील आहेत: चांगल्या चवीने पचन सुधारतं हा एका डॉक्टरांचा लेख आणि पत्नीने आणलेली कोंबूची जुडी. दंतकथेत प्रश्न अचानक सुचतो. आठवणीत वाचन आणि समोरची वस्तू एकत्र येऊन तो तयार होतो.

पुढची साखळी

१९१३ मध्ये इकेदांचे शिष्य शिंतारो कोदामा यांनी कात्सुओबुशीतला इनोसिनेट हा घटक दाखवला. पुढे १९५७ मध्ये अकिरा कुनिनाका यांनी ग्वानिलेट आणला, जो वाळवलेल्या शिइताकेत मिळतो. ग्लुटामेटबरोबर असे घटक आले की चव बेरजेपेक्षा कितीतरी जास्त वाढते, हेही त्यांच्या कामातून पुढे आलं. मठातल्या आचाऱ्यांची कोंबू-शिइताके जोडी नेमकी हीच.

तरी उमामी ही स्वतंत्र चव की नुसती चव खुलवणारी गोष्ट, हा वाद चालूच राहिला. इकेदांचा पेपर जपानीत होता आणि त्याचं इंग्रजी भाषांतर २००२ मध्ये छापून आलं. पण भाषेहून मोठी अडचण पुराव्याची होती: जिभेवर तिला ओळखणारा रिसेप्टर दाखवायला हवा होता. २००० मध्ये एक उमेदवार सापडला आणि २००२ मध्ये टी१आर१-टी१आर३ ही जोडी. ग्लुटामेट बसला की हे प्रथिन मिटतं आणि शेजारी बसलेला न्यूक्लिओटाइड त्याला मिटलेलंच धरून ठेवतो, असं २००८ च्या कामातून दिसलं. मशरूमची करामत इथे उलगडली.

आता तुमचा सराव

संध्याकाळी सहल निशिकी बाजारात जाते. सुमारे ४०० मीटरची अरुंद गल्ली आणि शंभरावर दुकानं: कोंबू, कात्सुओबुशी, लोणची, तोफू. (इथे चालता चालता खायचं नाही, दुकानापाशी उभं राहून खायचं.) कोंबू क्योतोजवळ उगवत नाही. तो उत्तरेच्या होक्काइदोहून जहाजांनी येत असे. तरी इथली दाशी प्रसिद्ध आहे आणि कारण सांगतात ते असं: "क्योतोचं पाणी मऊ आहे."

हे विधान तपासण्याजोगं आहे. वहीत तीन रकाने करा.

१. मी काय पाहिलं: या दुकानात दाशीसाठी रिशिरी कोंबू विकला जातो.
२. मला काय सांगितलं गेलं: मऊ पाण्यामुळे दाशी चांगली होते.
३. काय तपासता येईल: त्याच कोंबूचे सारख्या वजनाचे तुकडे, तेच तापमान, तोच वेळ, फक्त पाण्यातलं कॅल्शियम-मॅग्नेशियम बदललं, तर पाण्यात उतरणारं ग्लुटामेट किती बदलतं?

तिसऱ्या रकान्यात काय बदलायचं, काय स्थिर ठेवायचं आणि काय मोजायचं, तिन्ही ठरलेलं आहे. मोजायला एचपीएलसी चालेल. "चांगली" या शब्दाची जागा आकड्याने घेतली आहे. उत्तर "काही फरक नाही" आलं तरी ते उत्तरच असेल. मोजलेलं ग्लुटामेट आणि लोकांना आवडलेली चव एकच आहे का, हा पुढचा वेगळा प्रश्न. तो याच प्रपोजलमध्ये कोंबू नका.

आता तुमच्या प्रपोजलचं पहिलं पान काढा. तुमचं मुख्य वाक्य या तीनपैकी कुठल्या रकान्यात बसतंय ते पेन्सिलीने शेजारी लिहा. तिसऱ्यात बसत नसेल, तर गाइडकडे पाठवण्याआधी ते तिथे नेता येतं का ते बघा.